घराच्या मटेरियलचा हिशोब स्वतः करायला शिकायचंय: सुरुवात कुठून करू?

ओसरीवरचा
नमस्कार मंडळी. तासगाव तालुक्यात आमच्या गावी आई-बाबांसाठी घर बांधतोय. तळमजलाच, पण आरसीसी. बाहेरून बाहेर ३२ फूट बाय ३० फूट, म्हणजे ९६० चौरस फूट. बारा कॉलम, वर गच्ची. काम मजुरीवर दिलंय, मटेरियल आमचं. नकाशा आणि स्ट्रक्चरल ड्रॉइंग दोन्ही हातात आहेत.

ठेकेदाराने वहीच्या पानावर आकडे लिहून दिले: सिमेंट ५५० पोती, सळई साडेचार टन, वाळू २२ ब्रास, विटा १८,०००. हे कसं काढलं विचारलं तर म्हणाले, "वीस वर्षं घरं बांधतोय, अंदाज येतो." माणूस चांगला आहे, गावातली चार घरं त्यांचीच आहेत. पण बाबांच्या निवृत्तीचे पैसे यात जाणार आहेत आणि मला त्या पानावरचा एकही आकडा समजत नाही, याची फार बोच लागली आहे. मी कॉमर्सवाला, पुण्यात नोकरी. गुणाकार-भागाकार येतो. एवढ्यावर शिकता येईल का?

चहाबाज
गुणाकार येतो म्हणजे निम्मं घर झालंच तुमचं. शुभेच्छा!

दूरदेशी
मी सोप्पा हिशोब सांगते. दर चौरस फुटाला सिमेंट ०.४ पोतं, सळई साडेतीन ते चार किलो, वाळू १.८ घनफूट. तुमच्या ९६० ला गुणा: सिमेंट ३८४ पोती, सळई साधारण साडेतीन-पावणेचार टन, वाळू १,७२८ घनफूट, म्हणजे १७ ब्रासच्या आसपास. म्हणजे दीडशेहून जास्त पोती वाढवून सांगितलीत. मी जर्मनीत असते, कोल्हापूरला आईचं घर बांधताना हाच ठोकताळा धरून प्रत्येक महिन्याचं बिल तपासलं. विचारा त्यांना स्पष्ट.

गवंड्याचा मुलगा
दूरदेशी ताई, एवढ्यावरून कुणाला खोटं ठरवू नका. हा ठोकताळा सरासरी घराचा आहे. त्यात पाया किती खोल, कंपाउंड आहे का, पाण्याची टाकी जमिनीखाली आहे का, यातलं काहीच येत नाही. तासगावकडे काळी माती. कठीण मुरूम चार फुटांवर लागला तर एक खर्च, आठ फुटांवर लागला तर दुसरा.

माझे वडील गवंडी होते. शाळा चौथीपर्यंत. खडूने भिंतीवरच आकडे मांडायचे आणि वीट हजारात पन्नास-साठच्या वर चुकायची नाही. त्यांच्या डोक्यात सूत्र नव्हतं, पण प्रत्येक खोली मनात उभी करून मोजायचे. ठेकेदार "अंदाज येतो" म्हणतात ते खरंही असू शकतं. त्यांना मांडून दाखवता येत नाही, इतकंच.

मीनल साइटवर
दोघांचंही थोडं थोडं पटतं. मी नाशिकला साइट इंजिनिअर आहे. चौरस फुटाचा ठोकताळा शेवटी ताळा करायला ठेवा, सुरुवात त्याने करू नका. सुरुवात ड्रॉइंगपासून. एकेक अवयव घ्या, त्याचं घनफळ काढा, मग त्यातून सिमेंट-वाळू-खडी.

स्लॅब घेऊन बघू. ड्रॉइंगमध्ये जाडी किती आहे? ५ इंच धरते. ३२ × ३० × ५/१२ = ४०० घनफूट. हे झालं ओलं, म्हणजे तयार काँक्रीट. कोरडा माल कालवला की बसतो, खडीच्या फटीत वाळू शिरते, वाळूच्या फटीत सिमेंट. म्हणून कोरडं घनफळ १.५४ पट धरतात. एम-२० (काँक्रीटच्या ताकदीची एक प्रत) चं नेहमीचं प्रमाण सिमेंट-वाळू-खडी १:१॥:३, बेरीज साडेपाच. आता १०० घनफूट काँक्रीटचा हिशोब एकदाच करून ठेवा: १५४ भागिले ५.५ = २८ घनफूट सिमेंट. एक पोतं साधारण सव्वा घनफूट. म्हणजे २२.४ पोती. वाळू ४२ घनफूट, खडी ८४ घनफूट.

बस, हा १०० घनफुटाचा आकडा पाठ झाला की कॉलम, बीम, फूटिंग (कॉलमखालचा पाया) सगळं यातच. तुमचा स्लॅब ४०० घनफूट, म्हणजे ९० पोती, वाळू १.६८ ब्रास, खडी ३.३६ ब्रास. बीम मोजताना स्लॅबच्या खाली लोंबणारा भागच धरा, नाहीतर दोनदा मोजला जातो. ड्रॉइंगवर एम-२५ लिहिलं असेल तर मात्र ते डिझाइन मिक्स असतं, तिथे हे प्रमाण लावू नका, इंजिनिअरकडून मिक्स घ्या.

ओसरीवरचा
मीनलताई, तुम्ही लिहिलेलं वाचून लगेच कागद घेऊन बसलो. आमच्या ड्रॉइंगवर स्लॅब ५ इंच आणि एम-२० च आहे. एक फूटिंग ४ × ४ × सव्वा फूट, म्हणजे २० घनफूट. बारांचे २४०. त्याला ५४ पोती. बरोबर ना? पहिल्यांदाच काहीतरी हाताला लागल्यासारखं वाटतंय.

मीनल साइटवर
अगदी बरोबर. फूटिंगखालचं पीसीसी (सळई नसलेलं साधं काँक्रीट) विसरू नका, ते १:३:६, १०० घनफुटाला साधारण १२ पोती.

काळीमाती
ब्रास म्हणजे १०० घनफूट ना? आमच्याकडे ट्रॅक्टरवाला एक ट्रॉली म्हणजे एक ब्रास म्हणतो.

मोजपट्टी
ब्रास म्हणजे १०० घनफूट. ट्रॉली म्हणजे ट्रॉली. टेप लावल्याशिवाय ट्रॉलीला ब्रास म्हणू नये.

मी सार्वजनिक बांधकाम खात्यात तीस वर्षं काढली. माप पुस्तकात सही करताना पहिला धडा मिळाला तो हा: माल खाली पडण्याआधी मोजायचा. ढिगाचं माप कुणालाच नीट घेता येत नाही. ट्रकच्या हौद्याची आतली लांबी, आतली रुंदी घ्या. उंची घेताना माल वरून सपाट करायला लावा आणि ८ मिमीची सळई मागे, मध्ये, पुढे अशी तीन ठिकाणी तळापर्यंत खुपसा. तिथे बोट धरून टेपवर मोजा, तिन्हींची सरासरी घ्या. हौद्याच्या कडेवरून मोजलेली उंची खरी नसते, कारण मध्ये माल खोल असू शकतो.

एका नातेवाइकाच्या घरी मी हे केलं. हौदा १२ फूट बाय साडेसहा, म्हणजे ७८ चौरस फूट. पावतीवर दोन ब्रास. अडीच फूट उंची असती तर १९५ घनफूट, म्हणजे ठीक. सळईवर भरली २ फूट १ इंच. १६२.५ घनफूट. अशा चार खेपा आधीच खाली झाल्या होत्या. चार खेपांत १३० घनफूट कमी, म्हणजे सव्वा ब्रासहून जास्त. चालकाशी भांडण केलं नाही. पुढच्या खेपेला टेप घेऊन फाटकात उभा राहिलो, तेव्हापासून उंची आपोआप वाढली.

चहाबाज
काका, तो टेप देव्हाऱ्यात ठेवण्यासारखा आहे.

मीनल साइटवर
काकांच्या मुद्द्याला जोडून. वाळू ओली असेल तर फुगते. थोडा ओलावा दाण्यांभोवती चिकटतो आणि दाणे एकमेकांपासून दूर राहतात. बारीक वाळू तर २०-३० टक्के फुगू शकते. घरी बघता येतं: सरळ काचेची बरणी घ्या, वाळू न दाबता भरा, वर सपाट करा, पट्टीने उंची मोजा. समजा १५ सेंमी. वाळू काढून घ्या, बरणीत निम्मं पाणी घाला, वाळू परत टाका, काडीने ढवळा, बसू द्या. आता १२ सेंमी भरली तर ३ भागिले १२, म्हणजे २५ टक्के फुगवटा. चार ब्रासचे पैसे देऊन तीन ब्रास आणि थोडी वर, एवढीच वाळू घरी आली.

याचा दुसरा तोटा लोकांच्या लक्षात येत नाही. घमेल्याने माल टाकताना ओली वाळू कमी पडते, म्हणजे प्रत्येक कालवणात सिमेंटचं प्रमाण वाढतं. महिन्याच्या शेवटी सिमेंट का जास्त लागलं म्हणून सगळे गवंड्याकडे बघतात. घमेल्याऐवजी फर्मा (मापाची लाकडी पेटी) करून घ्या. आतून १२ × १२ × १५ इंच, बरोबर सव्वा घनफूट, म्हणजे एक पोतं सिमेंटला एक फर्मा. सुताराचं अर्ध्या दिवसाचं काम आहे.

जांभा
आमच्या सिंधुदुर्गात वीट नाय, चिरा. चिऱ्याचं माप खाणीगणिक बदलतं, म्हणून पुस्तकातला आकडा इथे लावूच नका. मी काय केलं, ट्रकातले दहा चिरे जमिनीवर रांगेत सांध्याएवढी फट ठेवून मांडले आणि एकूण लांबी मोजून दहाने भागली. उंचीचंही तसंच. मग भिंतीचं क्षेत्रफळ भागिले एका चिऱ्याचं दर्शनी क्षेत्रफळ. वाटेत आणि उतरवताना फुटतूट होते, ती आम्ही पाच टक्के धरली आणि तेवढी लागली.

कौलारू छपराचं एक सांगतो. छप्पर नकाशावर सपाट दिसतं, पण कौलं उतारावर बसतात. ३० अंशांचा उतार असेल तर नकाशातल्या क्षेत्रफळाला १.१५ ने गुणा. माझ्या चुलतभावाने गुणलं नव्हतं. मे महिन्याच्या शेवटी शंभरेक कौलं कमी पडली, आणि आमच्याकडे जूनची वाट पाहायला वेळ नसतो. प्लास्टिक घालून पावसाचे पहिले आठ दिवस काढले त्यांनी, लहान मूल घरात घेऊन. म्हणून सांगतो.

गवंड्याचा मुलगा
विटेलाही हेच लागू. पुस्तकात एका घनमीटरला ५०० विटा दिलेल्या असतात, त्या १९ × ९ × ९ सेंमीच्या विटेच्या. आपल्या भट्टीची वीट बहुतेक ठिकाणी ९ × ४ × ३ इंचाच्या जवळपास. वडिलांची रीत क्षेत्रफळाची होती. सांधा धरून अशा विटेचा चेहरा ९.४ × ३.४ इंच होतो. म्हणजे १०० चौरस फूट चार इंची भिंतीला ४५० विटा, नऊ इंचीला दुप्पट, ९००. पण आधी तुमच्या भट्टीवर जाऊन दहा विटा मोजा. तिथे साडेआठ इंची वीट निघाली तर आकडा बदलेल.

ओसरीवरचा
दारं-खिडक्या वजा करायच्या ना?

मोजपट्टी
बांधकामात वजा कराच. गिलाव्याचा नियम वेगळा आहे, तो आयएस १२०० या मोजमापाच्या भारतीय मानकात आहे. अर्ध्या चौरस मीटरपर्यंतचं भोक वजा करत नाहीत. अर्धा ते तीन चौरस मीटरपर्यंत एकाच बाजूचं वजा करतात, कारण दुसऱ्या बाजूच्या बदल्यात चौकटीच्या कडांचा गिलावा धरला जातो. तीनच्या वर दोन्ही बाजू वजा आणि कडा स्वतंत्र मोजून मिळवायच्या. मजुरी देतानाही हाच नियम आधी ठरवून घ्या, म्हणजे शेवटी वाद होत नाही. आतला १२ मिमी गिलावा १:४ ने केला तर १०० चौरस फुटाला साधारण एक पोतं लागतं.

काळीमाती
थोडं विषयांतर. माझ्या चुलत्यांना घरकुल मंजूर झालंय, २६९ चौरस फूट. सरकारच्या धोरणात घरकुलाला ५ ब्रास वाळू मोफत आहे. तेवढ्यात घर होतं का?

दूरदेशी
२६९ × १.८ = ४८४ घनफूट, म्हणजे ४.८४ ब्रास. बरोबर बसतंय! पण वाळू कोरडी असताना न्या म्हणावं चुलत्यांना, मीनलने लिहिलंय तसं. आणि गवंड्याचा मुलगा, तुमचं म्हणणं मला पटलं. मी आईच्या ठेकेदाराला त्या ठोकताळ्यावरून एकदा फोनवर फार तोडून बोलले होते. नंतर कळलं की विहिरीकडच्या बाजूला पाया दोन फूट खाली न्यावा लागला होता. आता आठवलं की वाईट वाटतं.

मीनल साइटवर
सळई राहिली. एका मीटरचं वजन किलोत म्हणजे मिमीतला व्यास गुणिले व्यास भागिले १६२. फुटात हवं तर ५३३ ने भागा. ८ मिमी ०.१२ किलो फुटाला, १० मिमी ०.१८८, १२ मिमी ०.२७. ड्रॉइंगमधल्या प्रत्येक सळईची लांबी, नग, वजन असा तक्ता करा. १० × १२ च्या खोलीत मुख्य सळई १० मिमी, ६ इंचांवर असेल तर १२ फुटांत २५ सळया. प्रत्येकी टेकू आणि वळण धरून साडेअकरा फूट. २८७.५ फूट × ०.१८८ = ५४ किलो.

लोक रिंगा (उभ्या सळयांभोवतीची कडी) विसरतात. ९ × १२ इंची कॉलमला दीड इंच कव्हर (सळईबाहेरचं काँक्रीट) सोडून रिंग ६ × ९ ची, हुक धरून ८ मिमीची ३ फूट सळई. १० फुटांत ६ इंचांवर २१ रिंगा, साडेसात किलो. बारा कॉलमचे ९० किलो. शिवाय सांधे, म्हणजे जोडताना दोन सळया एकमेकींवर येतात ती लांबी: १२ मिमीच्या सळईला व्यासाच्या ५० पट धरलं तर दोन फूट. रिंगांमध्ये अंतर वाढवून सळई वाचवायची असं कुणी म्हटलं तर ऐकू नका, हात जोडून सांगते. भूकंपात कॉलम उभा राहतो तो रिंगांवर.

मोजपट्टी
किल्लारीला १९९३ च्या ऑक्टोबरात मी कामावर होतो. तिथली घरं मातीत रचलेल्या जाड दगडी भिंतींची होती, आरसीसीची नव्हे, पण तेव्हापासून बांधकामातली बचत कुठे करायची नाही हे मनात पक्कं बसलं. मीनलचं ऐका.

सळई काट्यावर मोजूनच घ्या, पण नगही मोजा. १२ मीटरची १२ मिमी सळई १०.६६ किलो भरली पाहिजे. आयएस १७८६ या सळईच्या मानकात १० मिमीपर्यंत सात टक्के आणि त्यावर १६ मिमीपर्यंत पाच टक्के कमी-जास्त चालतं. यापेक्षा हलकी असेल तर परत पाठवा.

ओसरीवरचा
तीन आठवड्यांनी लिहितोय. प्रत्येक प्रतिसाद छापून फाइलला लावला, रोज रात्री एकेक अवयव केला. सिमेंट माझं पाच टक्के नासाडी धरून ४५५ पोती आलं, विटा साडेपंधरा हजार, सळई पावणेचार टन.

मग शनिवारी गावी गेलो आणि ठेकेदारांबरोबर ओसरीवर बसलो. आरोप न करता म्हणालो, "मी असं मोजलंय, कुठे चुकलंय सांगा." त्यांनी चष्मा लावला आणि माझा कागद ओळ न् ओळ वाचला. पहिलं बोट ठेवलं जोत्यावर: भराव कुठाय? खरंच नव्हता. जोतं दोन फूट, १,९२० घनफुटांतून भिंती-बीम वजा करून सतराएक ब्रास. आणि धुमस मारल्यावर मुरूम बसतो, म्हणून वीस-बावीस मागवायला हवा. माझ्या हिशोबात एक खेपही नव्हती!

त्यांच्या ५५० मध्ये मात्र जमिनीखालची टाकी आणि कंपाउंडची भिंत होती, दोन्हींची मिळून ६५ पोती. बाबांनी त्यांना तोंडी सांगितलेलं, मला माहीतच नव्हतं. आणि स्लॅब त्यांनी सवयीने ६ इंच धरला होता. ड्रॉइंग दाखवल्यावर लगेच मान्य केलं. ८० घनफूट कमी, १८ पोती वाचली. सळई आणि विटांचा फरकही बराचसा टाकी-कंपाउंडचाच निघाला. शेवटी दोघांनी मिळून नवं पान लिहिलं आणि त्यावर दोघांच्या सह्या केल्या.

निघताना ते बाबांना म्हणाले, "पोरानं माझ्या कामाला हिशोब लावला, बरं वाटलं." मला काय वाटलं ते इथे लिहिता येणार नाही.

गवंड्याचा मुलगा
भाऊ, हे वाचून वडिलांची फार आठवण आली. त्यांच्या भिंतीवरच्या खडूच्या आकड्यांशी असं कुणी बसून बोललं असतं तर त्यांनाही असंच वाटलं असतं.

जांभा
झकास. आता मुरमाच्या प्रत्येक खेपेला सळई खुपसा.

ओसरीवरचा
बाबा करतायत! काल पहिली खेप आली, फोनवर म्हणाले, "एक ब्रास एक्याण्णव. लिहून ठेव."

मीनल साइटवर
खूप छान. एक विचारायचं राहिलं. गच्ची आहे म्हणालात, जिना मोजलात का?

ओसरीवरचा
नाही. जिना राहिला.

मीनल साइटवर
हरकत नाही, घ्या कागद. तीन फूट रुंद, ६ इंच चढ, १० इंच पाऊल. एका पायरीचा त्रिकोण ०.६२ घनफूट, खालच्या ५ इंची तिरक्या स्लॅबचा तुकडा १.२२. मिळून १.८४. दहा फुटाला वीस पायऱ्या धरल्या तर ३७ घनफूट, मधल्या चौकाचे आठ. ४५ घनफूट, म्हणजे दहा पोती. सळई ड्रॉइंगवरून तुम्हीच काढा आणि इथे टाका, मी तपासते.